दारात का आत?

दादा, परवा इथे बहारीनमध्येच, झल्लाकला वाजवून आलो. बँडचा तो शेवटचा कार्यक्रम होता. तुम्हाला जाऊन आता इतकी वर्षं झाली की घरात तुमचा विषय निघाला तर पोरं ऐकीव गोष्ट ऐकावी तशी ऐकतात. मी मात्र अजून तुमच्याशी वाद घालतो. गाडी चालवताना घालतो, वर्कशॉपमध्ये हात ग्रीसने भरलेले असताना घालतो, आणि बहुतेक वेळा हरतो, कारण तुम्ही जिवंतपणी जितकं कमी बोलायचात तितकंच आताही बोलता. तुमचा एक प्रश्न माझ्याकडे राहिलेला आहे. त्याचं उत्तर परवा दिलं की नाही, हे माझं मलाच नीट कळलेलं नाही, म्हणून हे लिहायला बसलोय. बायको विचारते, काय लिहिताय? मी म्हटलं, ऑफिसचं आहे.

आपल्या घरात 'बाबा' म्हणजे भिंतीवरच्या फोटोतले बाबासाहेब, म्हणून बापाला 'दादा' म्हणायची रीत. लहानपणी मला वाटायचं, सगळ्याच घरांत असं असतं. तसंच मला वाटायचं की सगळ्यांच्याच बापाकडे एक काळी पिशवी असते, तिला नळ्या असतात, आणि सुट्टीवर आलेला बाप ती काखेत दाबून अंगणात फेऱ्या मारतो. पलटणीच्या बँडमध्ये तुम्ही पाइपर होतात. सरकारी पाइप सरकारकडे राहायचा, म्हणून तुम्ही मेरठहून स्वतःचा एक आणून घरी ठेवला होता. सुट्टी संपवून निघताना पिशवीला आतून तूप-मध चोळून ठेवायचात आणि आईला सांगायचात, "ह्याच्यावर तांदळाची गोण ठेवू नको." आई ठेवायचीच. तुमच्या पाइपला आयुष्यभर तांदळाचा वास राहिला, आणि खरं सांगायचं तर मला अजूनही बॅगपाइप म्हटलं की स्कॉटलंड नाही, आपल्या स्वयंपाकघराचा कोनाडा आठवतो.

त्याच स्वयंपाकघरात तुम्ही मला पहिल्यांदा आणि शेवटचं रागावलात. मी नववीत असेन. वरच्या वाडीतल्या खोतांच्या घरी लग्न होतं, आणि त्यांचा माणूस आईला सांगून गेला, तुमच्या पोराला तो इंग्रजी बाजा घेऊन पाठवा, शोभा येईल. मी तर हरखलोच. शाळेचा पांढरा शर्ट घातला, केसांना पाणी लावून भांग पाडला, आणि त्यांच्या दाराच्या डाव्या बाजूला उभा राहून जीव तोडून वाजवलं. पाहुणे आत जातायत, मी वाजवतोय. तुम्ही त्याच दिवशी सुट्टीवर येत होतात. एस.टी.तून उतरून ट्रंक खांद्यावर घेतलेले तुम्ही रस्त्यात उभे. मला वाटलं, खूश झालात. तुम्ही चाल संपेपर्यंत थांबलात आणि संपल्यावर म्हणालात, "चल." घरी आल्यावर चुलीसमोर पाट टाकून बसवलंत मला.

"जेवलास कुटं?"

"तिथंच. मागच्या पडवीत."

"कशावर?"

"पत्रावळीवर."

"आनि बाकीची मानसा?"

मी आठवून पाहिलं. बाकीची माणसं ओटीवर, ताटांत. त्या क्षणापर्यंत मला ते दिसलंच नव्हतं, दादा. श्रीखंड होतं, मी श्रीखंड बघत होतो.

मग तुम्ही आबांची सनई सांगितलीत. "माजा बाप आख्ख्या वरातीच्या पुढं चालायचा. नवऱ्याच्या पुढं, पाटलाच्या पुढं, सगल्यांच्या पुढं. दारापरेंत. दार आला का बाजूला. आत सूर तेवडा जायचा, सनईवाला नाय जायचा." आणि धम्म घेतला त्या वर्षी आबांनी ती सनई चुलीत घातली, तिच्यावर आजीने भात शिजवला. मी तेव्हाही आगाऊच होतो. विचारलं, भात कसा लागला? तुम्ही म्हणालात, "भातासारका." आई तोंड फिरवून हसली. मग मी विचारलं, असं आहे तर तुम्ही कसे वाजवता? तुम्ही म्हणालात की पलटणीतून पहिल्यांदा घरी आलात तेव्हा आबांना सांगायची तुम्हालाही भीती वाटली होती. आबांनी एवढंच विचारलं, बूट घालून वाजवतोस ना? तुम्ही म्हणालात, हो. "मंग वाजव," म्हणाले. आबांना त्या दारांत वहाण घालून उभं राहायची मुभा नव्हती, हे मला बरंच नंतर आईने सांगितलं.

बहारीनचा व्हिसा आला तेव्हा तुम्ही निवृत्त होऊन घरी होतात. माझ्या बॅगेत आईने कोकमं, कुळथाचं पीठ आणि सुके बोंबील कोंबले होते. तुम्ही कोनाड्यातून पाइप काढलात आणि वर ठेवलात. "तिकडं येकटा असशील. वाजव. पन कोनाच्या दारात वाजवू नको." बाकी उपदेश नाही. पैसे जपून खर्च कर नाही, तब्येत सांभाळ नाही. विमानतळावर कस्टमच्या माणसाने त्या नळ्या बघून तीन वेळा विचारलं, हे काय आहे? मी म्हटलं, पप्पा का है.

मीना सलमान बंदरात आमचं वर्कशॉप होतं, अजून आहे. जहाजावरून येतात ते फ्रीजवाले कंटेनर दुरुस्त करायचे. मासे, मटण, आइस्क्रीम, सगळं त्यातूनच येतं. राहायच्या खोलीत सहाजण, तिथे पाइप काढला असता तर पाचजणांनी मिळून मला समुद्रात टाकलं असतं. म्हणून शुक्रवारी वर्कशॉप बंद असायचं तेव्हा मी एखाद्या रिकाम्या कंटेनरमध्ये शिरायचो, दार ओढून घ्यायचो आणि वाजवायचो. त्या भिंती जाड असतात, आवाज बाहेर जात नाही, असा माझा समज. एका शुक्रवारी दारावर धाडधाड. उघडतो तर उंच, लाल चेहऱ्याचा गोरा माणूस, डोक्यावर हेल्मेट. जहाजं तपासायला येणारा इंजिनियर. त्याला वाटलं होतं, आत कुठल्यातरी कॉम्प्रेसरचं बेअरिंग गेलं. मला बघून तो जे पहिलं वाक्य बोलला ते मी तुम्हाला लिहिणार नाही. दुसरं वाक्य होतं, "हे तुला कोणी शिकवलं?" मी म्हटलं, वडिलांनी. आर्मीत. तो आयर्लंडचा. तिथेच एका उलट्या बादलीवर बसला आणि म्हणाला, परत वाजव.

त्याचा एक बँड होता आणि त्यांच्या पाइपरचा व्हिसा नुकताच संपला होता. कसला बँड, हे तुम्हाला कधी नीट सांगता आलं नाही, आता सांगतो. आयर्लंडची जुनी गाणी असतात, घरातून हाकललेल्या लोकांची, बोटीत बसून परदेशी मजुरीला गेलेल्यांची, जेलमध्ये सडलेल्यांची. ती त्यांच्याच फिडलवर, बासरीवर, पाइपवर वाजवायची, पण हळू आवाजात रडत नाही, तर खाली इलेक्ट्रिक गिटार आणि ड्रम लावून, दुप्पट वेगात, रागाने, उड्या मारत. ह्याला म्हणायचं केल्टिक पंक. पहिल्यांदा ऐकलं तेव्हा मला वाटलं, ह्यांचं काहीतरी बिघडलंय. मग शब्द समजायला लागले. आपला जलसा आठवा, दादा. रडायची गोष्ट डफ बडवून सांगायची, हे आपल्याला काय नवीन आहे?

अदलिया भागात त्या इंजिनियरचं भाड्याचं घर होतं, त्याच्या गॅरेजमध्ये तालीम चालायची. फिडलवर शाळेत शिकवणारी एक स्कॉटिश बाई, गिटारवर एक गोवेकर, ड्रमवर बँकेत काम करणारा एक बहारीनी मुलगा, आणि गायक हा इंजिनियर स्वतः. बँडचं नाव आयरिश भाषेतलं, कोणालाच उच्चारता यायचं नाही. हॉटेलवाले प्रत्येक वेळी बोर्डावर वेगळं स्पेलिंग लिहायचे आणि गायक प्रत्येक वेळी नव्याने चिडायचा. ड्रमर म्हणायचा, "यल्ला, हबीबी, आज आपण नवीन बँड आहोत." अजान सुरू झाली की तोच काठी वर करायचा, आम्ही थांबायचो, संपली की त्याच ठोक्यावरून पुढे. मी पीत नाही हे सगळ्यांना फारच सोयीचं पडलं. पंचशील पाळणारा पाइपर म्हणजे आयता ड्रायव्हर. बँडच्या सबंध कारकिर्दीत सगळ्यांना घरी मीच सोडलं.

तुम्ही मला शिकवलेली ती पलटणीतली चाल मी गॅरेजमध्ये पहिल्यांदा वाजवली तेव्हा गायकाने मला मध्येच थांबवलं. तिसऱ्या ओळीच्या शेवटी सूर वर जायला हवा, तू खालीच का धरून बसतोस? मी म्हटलं, ती तशीच आहे. त्याने सूर गाऊन दाखवला. मी चाल परत वाजवली, परत तिथेच सूर लांबला. मग माझ्या डोक्यात प्रकाश पडला. मेरठच्या त्या नळीचं एक भोक वेडंवाकडं पडलं होतं, तो सूर काढला की कोंबड्याची मान पिरगाळल्यासारखा आवाज यायचा, म्हणून तुम्ही त्या जागी आधीचाच सूर धरून ठेवायचात. तुमच्यासाठी ती अडचण होती. मी ती चाल म्हणून शिकलो. गायक ते ऐकून इतका हसला की खुर्चीवरून पडायचा राहिला. मग म्हणाला, हे बदलायचं नाही. तो सूर तसाच लोंबकळत ठेवायचा आणि त्या जागी ड्रमवाल्याने फक्त एक ठोका द्यायचा. दुसऱ्याच कार्यक्रमात लोक त्या ठोक्याला पाय आपटायला लागले. महिन्याभरात सूर लांबला की सगळा हॉल बूट आपटायचा, फरशी हादरायची. त्या चालीवर गायकाने बोटीतून उतरणाऱ्या मजुरांचं गाणं रचलं, आणि तेच आमचं गाणं झालं. आमची एकुलती सीडी निघाली तिच्यावर चालीखाली तुमचं नाव आहे. ते भोक पाडणाऱ्या मेरठच्या सुताराचंही हवं होतं खरं तर.

गायकाची एक गंमत सांगायची राहिली. मी फोनवर आपल्या लोकांशी बोलताना 'जय भीम' म्हणतो, हे ऐकून त्याने ठरवलं की मराठीत हॅलोला जय भीम म्हणतात. मला न विचारता तो बहारीनमधल्या प्रत्येक मराठी माणसाला छाती काढून "जय भीम!" करायला लागला. आपली माणसं त्याला मिठ्या मारायची. आमच्या एका कार्यक्रमाला पुण्याचे एक बँकेतले साहेब सहकुटुंब आले होते, त्यांनाही त्याने केला. ते आधी त्याच्याकडे, मग माझ्याकडे आणि मग बराच वेळ स्वतःच्या ग्लासाकडे बघत राहिले. परत जाताना मी गाडीत त्याला सगळं सांगितलं. कोण म्हणतं, का म्हणतं, कोण म्हणत नाही. मला वाटलं, आता बंद करेल. पुढच्या वेळी तेच साहेब भेटले तेव्हा त्याने जास्त मोठ्याने केला.

बँड मोठा झाला नाही, दादा. दुबईला एकदा मैदान भरून लोकांसमोर वाजवलं, इथल्या पेपरात फोटो आला, मस्कतला दोनदा जाऊन आलो, एवढंच. एकदा मात्र आयर्लंडच्या मोठ्या जत्रेत वाजवायचं बोलावणं आलं होतं. माझा व्हिसा वेळेत आला नाही. मी म्हटलं, तुम्ही जा, पाइपर तिथे ढिगाने मिळतील. गायकाने त्यांना कळवून टाकलं, आमचा पाइपर नाही तर आम्ही नाही. ती चाल दुसऱ्या कोणाला येत नाही, असं कारण दिलं. ती चाल कोणालाही दोन दिवसांत आली असती. ह्या गोष्टीचं ओझं मी अजून उतरवू शकलेलो नाही, आणि त्याने ती गोष्ट परत कधी काढली नाही.

तुम्हाला मी बँडचा फोटो दाखवला तो आंब्याच्या दिवसांत, ओटीवर. तुम्ही चष्मा पुसलात, फोटो लांब धरलात. मी तोवर पन्नाशीकडे झुकलो होतो, तरी शाळेतल्या पोरासारखा ताठ उभा राहिलो. "कुटं वाजवतोस?" "हॉटेलात." "दारात का आत?" "आत, दादा. स्टेजवर." तुम्ही फोटो पुन्हा बघितलात. आम्ही सगळे पंकवाले, पायांत जाडजूड तळव्यांचे, वरपर्यंत नाड्या बांधायचे काळे बूट. बघून झाल्यावर फोटो परत दिलात आणि म्हणालात, "बूट बरे हायत." आई आतून म्हणाली, "कवतिक करा की जरा पोराचा!" तुम्ही म्हणालात, "केला की." पुढच्या आंब्यांना तुम्ही नव्हतात. मी पोहोचलो तेव्हा सगळं उरकलं होतं. कोणीतरी म्हणालं, पाइप वाजवून दादांना सलामी द्यायला हवी होती. पाइप इकडे अदलियाच्या गॅरेजमध्ये होता.

इकडच्या बँडांचं एक असतं. भांडून कोणी जात नाही, व्हिसा संपून जातात. आधी फिडलवाली गेली, मग गोवेकर, मग त्यांच्या जागी आलेले दोघं. प्रत्येकाच्या निरोपाला तेच गाणं, तोच लांबलेला सूर, तेच बूट. कोरोनात सगळं ठप्प झालं. नंतर पुन्हा जमलो तेव्हा गायकाचा आवाज बसला होता आणि माझा दम. पण निभावलं. आणि ह्या वर्षी गायकाचीच नोकरी संपली. गॅरेजमध्ये बसून म्हणाला, "खलास, भाऊ." त्याला भाऊ म्हणायला मीच शिकवलं होतं. जायच्या आधी मुलीचं लग्न इथेच करायचं होतं त्याला. ती मुलगी बहारीनमध्येच वाढली. आम्ही तालीम करायचो तेव्हा गॅरेजच्या पायरीवर बसून वरणभात खायची, माझ्या बायकोने दिलेला, आणि सूर लांबला की चिमुकला पाय आपटायची. चर्चमधलं लग्न सकाळी, आणि संध्याकाळी झल्लाकला समुद्रकाठच्या हॉटेलात जेवण.

अदलियातल्या कॉफीच्या दुकानात त्याने मला बोलावलं. आम्ही बोलतो इंग्रजीत, तुमच्यासाठी मराठीत लिहितो. म्हणाला, "पोरीचा हट्ट आहे. पाहुणे येतील तेव्हा तू दारात उभा राहून वाजवायचंस. मग तिला पुढे होऊन आत आणायचंस. आमच्याकडे ह्याच्यापेक्षा मोठा मान नाही."

मी कपातली कॉफी ढवळत राहिलो. साखर घातलीच नव्हती. दुसरं कोणी विचारलं असतं तर नाही म्हणायला मला क्षण लागला नसता. हॉटेलवाल्यांनी अनेकदा विचारलं होतं, दारात उभा राहा, पाहुण्यांना आवडेल, आणि प्रत्येक वेळी मी काहीतरी सबब सांगून टाळलं होतं. पण ह्याने माझ्यासाठी आयर्लंडची जत्रा सोडली होती. आणि तुम्ही माझ्याकडून आयुष्यात एकच गोष्ट मागितली होती. शेवटी त्याला सगळं सांगितलं. आबांची सनई, चुलीवरचा भात, पत्रावळ, श्रीखंड. इतक्या वर्षांत कधी सांगितलं नव्हतं.

त्याने टोपी काढून टेबलावर ठेवली. म्हणाला, "मग उभा राहू नकोस. पाहुणे आपले आपण येतील. फक्त चाल. तू पुढे, मी आणि ती तुझ्या मागे."

"आमच्याकडेही वाजवणारा पुढेच चालायचा," मी म्हटलं. "दारापर्यंत."

"आणि मग?"

"मग बाजूला व्हायचं."

तो म्हणाला, "तू बाजूला झालास तर मीही बाजूला होईन. मग पोरगी बिचारी एकटी आत जाईल आणि आयुष्यभर आपल्या दोघांना शिव्या देईल." मग म्हणाला, "नाही म्हणालास तरी तू माझ्या टेबलावरच जेवणार आहेस. विचार करून सांग."

घरी येऊन सांगितलं तर आमची मुलगी मोबाइलमधून डोकं वर न काढता म्हणाली, "पप्पा, इट्स जस्ट अ डोअर." मला इतका राग आला, दादा. आणि रागाच्या खालीच बरंही वाटलं, कारण तिच्यासाठी ते खरोखरच नुसतं दार आहे, आणि ते तसं व्हावं म्हणूनच आबांनी सनई जाळली असणार. बायकोला विचारलं, दादा असते तर काय म्हणाले असते? ती भाकरी थापत होती. म्हणाली, "ते मला नका विचारू. दादा तुमच्याशी बोलले नाहीत ते माझ्याशी बोलणारेत का? तुम्हाला काय वाटतं ते सांगा." मला काय वाटतं, हेच तर कळत नव्हतं. सकाळी गायकाला फोन करून म्हटलं, चालतो. उभा राहणार नाही, चालतो. मग गॅलरीत वर्तमानपत्र पसरून बूट पॉलिश करायला बसलो, तुम्ही करायचात तसे, थुंकी लावून, गोल गोल, चामड्यात तोंड दिसेपर्यंत.

झल्लाकला पोहोचलो तेव्हा सूर्य समुद्रावर टेकला होता. हवा दमट, पाइपच्या नळ्यांतली बोरूची पाती फुगलेली, सूर लागायला वेळ लागला. सगळे आत जाऊन बसले. बाहेरच्या वाटेवर आम्ही तिघंच, मी पुढे, मागे पांढऱ्या झग्यातली ती आणि तिचा बाप. अजान चालू होती म्हणून थांबलो. ती मागून हळूच म्हणाली, "अंकल, ते पाय आपटायचं गाणं ना?" मी म्हटलं, तेच. अजान संपली. मी पिशवी काखेत दाबली आणि निघालो.

वाटेवर काही वाटलं नाही. पाय चालत होते, बोटं फिरत होती. हॉलचं काचेचं दार दोन पोऱ्यांनी उघडून धरलं होतं. आत दिवे, गोल टेबलं, सगळ्या माना आमच्याकडे वळलेल्या. जमिनीत दाराच्या रेषेवर एक पितळी पट्टी ठोकलेली होती, बोटभर रुंद. ती दिसली आणि माझे पाय थांबले.

तिसऱ्या ओळीचा शेवट होता. तोच सूर हातात होता, तुमचा, लोंबकळणारा. मी तो धरून उभा राहिलो. पुढे जाता येईना, बाजूला होता येईना. मागे ते दोघं थांबले. पाइपचं एक बरं असतं, आतली हवा संपेपर्यंत सूर तुटत नाही. डाव्या बाजूला दाराशी मोकळी जागा होती, भिंतीला लागून, एका माणसाला उभं राहता येईल एवढी. मी तिच्याकडे बघितलं, दादा. खरंच बघितलं.

मग स्टेजवरून ड्रमरने ठोका दिला, आणि अख्ख्या हॉलने पाय आपटला. त्यांना वाटलं, मुद्दामच लांबवलाय. पितळी पट्टी माझ्या बुटाच्या टोकाशी थरथरली. बूट. मी खाली बघितलं, त्यात तोंड दिसत होतं. चौथी ओळ उचलली आणि आत गेलो. ती दोघं माझ्या मागून आली.

आता कार्यक्रमाचा व्हिडिओ सगळीकडे फिरतोय. मस्कतहून गोवेकराचा फोन आला, स्कॉटलंडहून फिडलवालीचा. सगळे एकच विचारतात, दारात तेवढं थांबायचं कसं सुचलं, काय जागा घेतलीस! मी हसतो आणि म्हणतो, अनुभव. गायकालाही हेच सांगितलं, आणि त्याला विमानतळावर सोडतानाही खरं सांगितलं नाही. हे पत्र कुठे पाठवायचं नाहीच, त्यामुळे तुम्हाला तेवढं सांगून टाकतो. मला काही सुचलं नव्हतं, दादा. मी घाबरलो होतो.

आणि तुम्ही विचारायच्या आधीच सांगतो. जेवलो आत. ताटात.